'ओटीटीवर लावून देतो' म्हणणाऱ्यांपासून सांभाळा

सोलापुरात एकट्याने कॅमेरा घेऊन डॉक्युमेंट्री करणाऱ्या पोरापोरींनी हे जरूर वाचा.

कुंभारीच्या गोदूताई परुळेकर वसाहतीतल्या विडी कामगार बायकांवर मी फिल्म केली. मांडीवर सूप, त्यात कापलेली तेंदूची पानं नि तंबाखू, आणि बोटं न थांबवता तेलुगू वळणाच्या मराठीत बोलणाऱ्या अक्का. कॅमेऱ्यासमोर त्या बसल्या त्या फक्त माझ्या शब्दावर.

फिल्म पूर्ण झाली आणि मुंबईहून एका वितरकाचा फोन आला. "दादा, काम एक नंबर आहे, ओटीटीवर लावून देतो." आधी सेन्सॉरचे पैसे मागितले, मग क्यूसीचे (फिल्मची तांत्रिक तपासणी), मग सबटायटलचे. दर वेळी "हे शेवटचं". सगळे पैसे त्याच्या वैयक्तिक खात्यावर. शेवटी इंग्रजी करार आला, "आजच सही पाहिजे, नाहीतर या महिन्याच्या यादीतून नाव जाईल." सही झाली आणि फोन बंद.

पुढे अक्कांच्या मुलाने एक व्हिडिओ पाठवला. माझाच शॉट, अक्कांचा चेहरा, आणि त्यावर कर्जाची जाहिरात. "भाऊ, आईला विचारलं होतं का?" पैसे गेले त्यापेक्षा हे जास्त लागलं. अजूनही लागतं.

आता नीट ऐका. ओटीटीला सेन्सॉर प्रमाणपत्र लागतच नाही. तिथे २०२१ चे आयटी (माहिती तंत्रज्ञान) नियम आहेत. थिएटरसाठी लागतं, पण तो अर्ज निर्माता स्वतः सेन्सॉर बोर्डाच्या ई-सिनेप्रमाण पोर्टलवर भरू शकतो. फिल्म विकून देणाऱ्याला आपण आगाऊ पैसे का द्यायचे?

करार वकिलाला दाखवल्याशिवाय सही नाही, कितीही घाई केली तरी. कॉपीराइट कायदा १९५७, कलम १९: हक्क देताना मुदत लिहिली नसेल तर ५ वर्षं धरतात, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. माझ्या करारात 'कायमस्वरूपी' आणि 'जगभर' दोन्ही बारीक अक्षरांत होतं. हक्क देऊन टाकू नका, ठरावीक मुदतीचं लायसन्स द्या. फिल्ममधल्या माणसांचे शॉट जाहिरातीत वापरायचे नाहीत, हेही त्यात लिहून घ्या.

हक्क गेले तरी आपलं नाव काढून कामाची मोडतोड करणाऱ्याला त्याच कायद्याच्या कलम ५७ खाली जाब विचारता येतो. माझ्या वकिलांनी त्यावरच नोटीस काढलीय. ऑनलाइन पैसे गेले असतील तर लगेच १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला फोन करा.

तुमच्याकडे असा करार आला असेल तर सही करण्याआधी मला पाठवा, माझा समोर ठेवून ताडून बघू.