नर्सिंगला चार तारे. पाचवा पहाटेच्या स्पंजने घालवला

हॉस्पिटलचं नाव देत नाही, कारण कौतुकाबरोबर तक्रारही आहे. पुण्यातलंच, मध्यम आकाराचं, खासगी. आमच्या मोठ्या जाऊबाई, वय ७४, चौथ्या माळेला बाथरूममध्ये घसरल्या आणि खुब्याचं हाड मोडून बसल्या. ऑपरेशन झालं, दसरा तिथेच झाला. मी ससूनमधून निवृत्त झालेली सिस्टर. डॉक्टर कसे, एसी चालतो का, कँटीनचा चहा कसा, हे दुसऱ्या कुणाला विचारा. मी नर्सिंग बघते.

तर पहिल्यांदा ओव्हर, म्हणजे पाळी संपताना पुढच्या सिस्टरला पेशंट समजावून देणं. बऱ्याच ठिकाणी ड्यूटी बदलताना स्टेशनवर बसून रजिस्टर वाचतात आणि त्यालाच ओव्हर म्हणतात. इथे खाटेपाशी उभं राहून देतात. रात्रीच्या सिस्टरने चादर बाजूला करून ड्रेसिंग दाखवलं, सलाईनचा हात दाखवला, लघवीच्या पिशवीतलं माप सांगितलं आणि मग जाऊबाईंची टाच हलकेच उचलून खालून बघितली. टाच बघणारी सिस्टर दिसली की निम्मे मार्क मी तिथेच देऊन टाकते. खुब्याच्या पेशंटला बेडसोर (पडून राहून होणारी जखम) व्हायचा तर माकडहाडावर नाहीतर टाचेला, आणि टाच कुणी बघत नाही. जाताना “आजी, आता दुपारपर्यंत या सिस्टर,” असं सांगूनही गेली.

आमच्या वेळी पाठीला स्पिरिट आणि पावडर लावून खसाखसा चोळायचो. इन्चार्ज सिस्टर हात फिरवून बघायच्या. आता ते करत नाहीत, कारण लाल झालेली जागा चोळली की आधीच नाजूक झालेली कातडी आणखी दुखावते. पुतण्याने घरून पावडरचा डबा आणला होता. ड्यूटीवरच्या सिस्टरने तो गोड बोलून परत पिशवीत घालायला लावला आणि दर दोन तासांनी कूस बदलण्याचा तक्ता खाटेला लावला. दोन पायांमध्ये उशी कशी ठेवायची हेही त्याला हाताने करून दाखवलं.

मंगळसूत्राचा प्रसंग मुद्दाम सांगते. जाऊबाईंनी लग्नापासून ते कधी उतरवलेलं नाही. ऑपरेशन थिएटरमध्ये न्यायच्या आधी त्या अडून बसल्या. मला वाटलं, आता “आजी, नियम आहे” ऐकू येणार. सिस्टर खुर्ची ओढून बसली. ऑपरेशनमध्ये रक्त थांबवायला विजेचं यंत्र वापरतात, अंगावर धातू असला तर तिथे भाजू शकतं, एवढं साध्या शब्दांत सांगितलं. मग भाऊजींना बोलावून त्यांच्याच हाताने मंगळसूत्र उतरवून घेतलं आणि रजिस्टरवर त्यांची सही घेतली. सुती दोऱ्यात हळकुंड ओवून सलाईन नसलेल्या मनगटाला बांधू दिलं, वरून पट्टी गुंडाळली. हे तिला कुठल्या कॉलेजात शिकवलं असेल असं वाटत नाही, घरी आजीकडून आलेलं असणार. नवरात्राच्या उपासाचंही तसंच. मोडायला लावला नाही, पण डाएटिशियनला बोलावून साबुदाण्याच्या खिचडीऐवजी भगर, दाण्याची आमटी, दूध, दही लावून घेतलं. जखम भरायला प्रोटीन लागतं, साबुदाण्यात ते नावालाच.

खंडेनवमीला वॉर्डात बीपीच्या यंत्राची, ईसीजी मशीनची, टॉर्चची पूजा झाली. झेंडूचा हार इमर्जन्सी ट्रॉलीलाही घातलेला. मी उठून बघून आले. हार बाजूच्या दांडीला होता, खणांवर नाही. खण सहज उघडत होते. उदबत्ती नाही, ऑक्सिजनजवळ ज्योत नको म्हणून दिवाही बॅटरीवरचा. आपट्याची पानं मात्र सगळ्या पेशंटना मिळाली.

पुतणी एका रात्री म्हणाली, “आज वॉर्ड अगदी शांत आहे नाही?” सिस्टरने लगेच टेबलाच्या लाकडाला हात लावला. कुठलंही हॉस्पिटल असो, रात्रपाळीला हे बोलायचं नसतं. तासाभरात दोन ॲडमिशन आल्या.

आता तक्रार. पहाटे पाचला दिवे लावून, अंगावरचं पांघरूण काढून स्पंज, म्हणजे ओल्या फडक्याने अंग पुसणं. ऑपरेशनच्या दुसऱ्याच दिवशी, रात्रभर कळा सोसून जेमतेम डोळा लागलेल्या बाईला! कारण एकच, सकाळची पाळी यायच्या आत रात्रपाळीची कामं संपवायची. दरवर्षी १२ मेला, फ्लॉरेन्स नाइटिंगेलच्या वाढदिवशी, मेणबत्त्या लावून शपथ घेता ना? मग त्याच नाइटिंगेलबाईंनी १८६०च्या सुमारास लिहून ठेवलंय की झोपलेल्या पेशंटला उठवू नये. स्पंज दहा वाजता केला तर कुणाचं बिघडतं?

दुसरी गोष्ट पाण्याची. ऑपरेशन दुपारी दोनचं, आणि रात्री बारापासून पाण्याचा थेंब नाही. हलक्या जेवणाला साधारण ६ तास आणि साध्या पाण्याला २ तास पुरतात, हे आता सगळीकडे मान्य आहे. कुणाला वेगळा त्रास असेल तर भूलतज्ज्ञ वेगळं सांगतात. विचारलं तर “मॅडम, इथे असंच असतं.” शेवटी भूलतज्ज्ञ राउंडला आले तेव्हा त्यांनीच सकाळी अकरापर्यंत घोट-घोट पाणी द्यायला सांगितलं.

डिस्चार्जला सकाळपासून संध्याकाळ झाली, पण तो बिलिंगचा घोळ, सिस्टरांचा नाही. तुमचं कुणी ऑपरेशनसाठी जाणार असेल तर पाणी कधीपर्यंत चालेल ते भूलतज्ज्ञांना आदल्या संध्याकाळीच विचारा आणि फाइलमध्ये लिहून घ्या. रात्री सिस्टरशी वाद घालू नका, फाइलमधला हुकूम बदलण्याचा अधिकार तिला नसतो.