आठ महिने, सात गाणी आणि पाचव्यावर अडकणारी सीडी

कोरियन गायिका आययूच्या 'अ फ्लॉवर बुकमार्क' या अल्बमची सीडी घेऊन आठ महिने झाले. म्हणजे पहिला भाग, 2014 चा. 1,650 रुपये, वर कस्टमचे 410. गाणी सात. भागाकार मी केलाय, तुम्ही करू नका, त्रास होतो. हीच गाणी फोनवर फुकट ऐकता येतात, हे घरातल्या प्रत्येकाने मला निदान दोनदा ऐकवलंय.

गेल्या महिन्यापासून ती पाचव्या गाण्यावर अडकते. 'नोउई उइमी'. सुरुवात छान होते, आययू आपलं कडवं म्हणते, आणि किम चांग-वानचा आवाज येणार तिथेच टक्-टक्-टक्. मऊ फडक्याने मधून कडेकडे पुसून झालं, दुसऱ्या प्लेयरवर लावून झालं. उजेडात तिरकी धरली की बारीकसा चरा दिसतो. विक्रेत्याला कळवलं तर उत्तर आलं, "अनबॉक्सिंगचा व्हिडिओ पाठवा." पाकीट फोडताना शूटिंग करायचं असतं हे मला चाळिशीत कुठून कळणार? व्हिडिओ नाही म्हटल्यावर "प्लेयरचा दोष असेल" म्हणून मोकळे. त्याच प्लेयरवर बाकीची सहा गाणी लोण्यासारखी वाजतात, त्याचं काय?

गंमत म्हणजे सुरुवातीला मला नेमका हाच आवाज नको होता. मुलगी एवढं सुरेख गातेय, मध्येच हा खरखरीत काका कशाला? शेवटी तर तो गातही नाही, 'तू माझी आहेस तरी कोण' अशा अर्थाचं काहीतरी नुसतं बोलून टाकतो. आई स्वयंपाकघरातून विचारायची, "हे कोण म्हातारं आलं मध्येच?" पहिले दोन महिने मी तिथे गाणं पुढे ढकलत असे.

मग कळलं, गाणं त्याचंच आहे. त्याचा आणि त्याच्या दोन भावांचा सानुल्लिम नावाचा रॉक बँड होता, पहिला अल्बम 1977 चा. त्यांचं हे गाणं 1984 चं, आययू जन्मली 1993 ला. धाकटा भाऊ 2008 मध्ये कॅनडात अपघातात गेला. म्हणजे साठीला पोचलेला माणूस आपलंच जुनं गाणं एकवीस वर्षांच्या मुलीसोबत पुन्हा म्हणतोय. मी परत ऐकलं. मग मूळ गाणं शोधून ऐकलं. तेव्हापासून मला पाचवंच गाणं लागतं, आणि नेमकं तेच गेलं.

बाकीच्यांबद्दल थोडक्यात. तीही अशीच दुसऱ्यांची जुनी गाणी, आययूने पुन्हा म्हटलेली. ली मून-सेचं 'सारांगी जिनागाम्योन' रात्री ऐकायचं, गाडीत नाही. किम ग्वांग-सोकचं 'कोत' सुंदर, पण मूळ ऐकल्यावर आययूचं जरा जपून गायल्यासारखं वाटतं. शेवटचं क्लॉनचं नाचाचं गाणं इतक्या शांत अल्बममध्ये का आहे, हे मला आजही पटलेलं नाही. जेवणानंतर पान हवं तिथे कोणीतरी मिसळ आणून ठेवावी, तसं.

आपल्याकडे जुन्या गाण्याखाली ढोल घालून रिमिक्स करतात, त्याला विटलेल्यांनी हे जरूर ऐकावं. अल्बमच्या कोरियन नावाचा अर्थ पुस्तकात खूण म्हणून ठेवलेलं फूल असा होतो. आपण वहीत पिंपळपान ठेवायचो, त्यातला प्रकार. फक्त आपल्यासाठी मूळ गाणंही नवं आणि नक्कलही नवी, त्यामुळे दुप्पट ऐकावं लागतं. माझी त्याबद्दल तक्रार नाही, तेवढेच पैसे वसूल.

2017 चा दुसरा भाग मी फोनवरच ऐकतो. त्यातलं 'काउल आचिम' नुसत्या आवाजावर सुरू होतं, वाद्य नाही, काही नाही. सकाळी सातला ऐकावं. ते प्रसिद्धही सकाळी सातलाच केलं होतं. मे 2025 चा तिसरा घेतलेला नाही, आधी पहिल्याचा निकाल लागू दे.

सध्या चार गाणी सीडीवर, पाचव्याला उठायचं, फोन जोडायचा, ते संपलं की परत सीडी. परवा कंटाळा केला आणि थेट सहावं लावलं. आतून आवाज आला, "आज आजोबा नाहीत का?"

वापरलेली एक प्रत 700 ला मिळतेय, दुसऱ्या विक्रेत्याकडे. मागवली आहे. या वेळी पाकीट मी फोडणार आणि भाचा मोबाइल धरून समोर उभा राहणार.