पुसेगावच्या जत्रेतला सिनेमाचा तंबू: चित्र झकास, आवाजात गफलत

सेवागिरी महाराजांच्या यात्रेत तंबूत सिनेमा बघायचा तर मराठीच बघा, त्यातही जुना तमाशापट लागला असेल तर आधी तो. लावणीला मोठा पडदा आणि शिट्ट्या मारणारी माणसं लागतात. मोबाइलवर तिची मजा निम्मीसुद्धा उरत नाही.

आपल्या भागाला ही चाल जुनी आहे. १८४३ साली सांगलीत विष्णुदास भाव्यांनी 'सीतास्वयंवर' उभं केलं आणि पुढे नाटक मंडळ्या गावोगाव फिरू लागल्या. १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'नंतर सिनेमानेही तीच वाट धरली. १९३२ मध्ये 'प्रभात'च्या 'अयोध्येचा राजा'पासून पडदा मराठी बोलायला लागला.

आता रिळं गेली. दोन हजार फुटांचं रीळ साधारण २२ मिनिटं चालायचं, तुटलं की जोडेपर्यंत खोळंबा. डिजिटल प्रोजेक्टरला तो त्रास नाही, पण चित्राच्या मापात हमखास घोळ होतो. 'सांगत्ये ऐका' (१९५९) सारखे सिनेमे चौकोनाच्या जवळ जाणाऱ्या मापाचे. ते रुंद पडद्यावर ताणून बसवले की हंसा वाडकर, जयश्री गडकर यांचे चेहरे पसरट दिसतात. इतक्या देखण्या बायांचं असं होऊ नये! ऑपरेटरला लगेच सांगा, अ‍ॅस्पेक्ट म्हणजे रुंदी-उंचीचं प्रमाण ४:३ करा. कडेला काळे पट्टे येतात, ते येऊ द्यावेत.

नव्या सिनेमांची तक्रार वेगळी: गाणी कानठळ्या बसवतात, संवाद मात्र पुसट. सहा चॅनेलच्या, म्हणजे सहा वेगळ्या वाटांनी येणाऱ्या आवाजात संवाद मुख्यतः मधल्या चॅनेलवर असतात. तंबूत स्पीकर फक्त डावे-उजवे, त्यामुळे मधला चॅनेल कुठेच वाजत नाही. प्लेअरचं आउटपुट स्टिरिओवर, म्हणजे डाव्या-उजव्या दोनच चॅनेलवर टाकलं की संवाद परत येतात. नुसता आवाज वाढवून उपयोग नाही, संगीतच आणखी अंगावर येतं.

दुपारचा खेळ नको, कापडातून उजेड झिरपतो आणि चित्र फिकं पडतं. रात्रीचाच घ्या. बसायला मधोमध, पडद्यापासून थोडं मागे. कडेला स्पीकरच्या तोंडाशी अजिबात नाही. जमीन गार असते, सतरंजी आणि घोंगडी न्या. लहान मुलं बरोबर असतील तर रथाचा दिवस टाळा, त्या रात्री दाराशी रेटारेटी असते आणि पाळण्यांचे भोंगे थेट तंबूत ऐकू येतात.