मेलिना की इरिनी: आधी कोणाला पाहावं?

दोघी ग्रीक अभिनेत्री, दोघींनीही दिग्दर्शक मिहालिस काकोयानिस यांच्या सिनेमांत काम केलं. तरी एकीसारखी दुसरी नाही.

मेलिना मर्कुरी म्हणजे नुसता झंझावात. १९४९ मध्ये अथेन्सच्या रंगभूमीवर तिने टेनेसी विल्यम्सच्या 'अ स्ट्रीटकार नेम्ड डिझायर' नाटकातली नायिका ब्लांश साकारली, १९५५ मध्ये 'स्टेला' हा सिनेमा आला आणि १९६० च्या 'नेव्हर ऑन संडे'साठी तिला फ्रान्सच्या कान चित्रपट महोत्सवात अभिनयाचा पुरस्कार मिळाला. १९६७ मध्ये ग्रीसची सत्ता बळकावलेल्या लष्करशहांनी तिचं नागरिकत्वच काढून घेतलं. ही बाई पुढे १९८१ मध्ये त्याच देशाची सांस्कृतिक मंत्री झाली! अथेन्सच्या पार्थेनॉन या प्राचीन मंदिराची शिल्पं ब्रिटिश म्युझियमकडे परत मागत राहिली ती शेवटपर्यंत.

इरिनी पापासचं बळ मौनात. 'इलेक्ट्रा' (१९६२) मधला तिचा चेहरा पाहा. संवाद नसले तरी चाललं असतं. 'झोर्बा द ग्रीक' मधली विधवा तर जेमतेम बोलते, पण विसरता येत नाही. लष्करी राजवटीत तीही परदेशातच राहिली. मंत्रिपद वगैरे मात्र नाही.

माझं मत विचाराल तर सुरुवात मेलिनापासून करा, करमणूक होईल. 'इलेक्ट्रा' मात्र एखाद्या निवांत रात्री, फोन बंद ठेवून.