गेम उघडेना म्हणून फोन लावला

आकडा आधीच सांगून टाकतो: ५३,४९९ रुपये. मी इचलकरंजीत एका सूतगिरणीच्या हिशेब खात्यात आहे. बावीस वर्षं लोकांची बिलं तपासतोय. जीएसटी नंबर नसलेली पावती टेबलावरून परत पाठवणारा खडूस माणूस म्हणून माझी ख्याती आहे. हे मोठेपणा म्हणून सांगत नाही, पुढे त्याची गरज पडणार आहे.

मुलगा नववीत. सहामाहीत गणितात पंचाहत्तरच्या वर आणलेस तर स्टीम या ऑनलाइन दुकानातला एक कॉम्प्युटर गेम घेऊन देईन असं कबूल केलं होतं. त्यानं आणले, मग १,२९९ रुपये यूपीआयनं भरले. डाउनलोडला दोन रात्री गेल्या. घरचा कॉम्प्युटर दोन वर्षांपूर्वी जोडून घेतलेला. चालू केला की माझं नाव देवनागरीत झळकतं, याचं मला फार कौतुक.

तिसऱ्या दिवशी सकाळी पोरगा दात न घासता स्क्रीनसमोर. हिरव्या ‘प्ले’वर क्लिक केलं की ते निळं होऊन ‘स्टॉप’ व्हायचं, सात-आठ सेकंद तसंच राहायचं आणि पुन्हा हिरवं ‘प्ले’. ना एरर, ना आवाज. एरर आली असती तर निदान काहीतरी वाचायला मिळालं असतं. मशीन बंद-चालू केलं, गेम काढून परत टाकला, म्हणजे आणखी दोन रात्री. मुलाला एक व्हिडिओ सापडला. त्यात अँटिव्हायरस बंद करून खाली दिलेली फाइल टाका असं सांगितलं होतं. मी त्याला जवळ बसवून समजावलं, की असल्या फायलींमधूनच पासवर्ड चोरीला जातात, आपण रीतसर कंपनीलाच विचारू. हे मी बोललो हे विशेष.

मग ‘कस्टमर केअर नंबर’ असं टाकून शोधलं. सगळ्यात वर १८०० नं सुरू होणारा नंबर. त्याच्यावर बारीक अक्षरात ‘प्रायोजित’ लिहिलेलं होतं, ते मी नंतर पाहिलं. स्टीमची फोनवरून मदत मुळातच नसते, जे काही असेल ते त्यांच्या सपोर्टच्या पानावर लिहून द्यायचं, हे तर त्याहून नंतर कळलं.

फोन पहिल्या रिंगला उचलला. खरं तर तिथेच शंका यायला हवी होती. कुठल्या कंपनीचा फोन पहिल्या रिंगला उचलतात? पण मला बरंच वाटलं. पलीकडचा ‘सर, सर’ करत हिंदीत बोलत होता. माझं हिंदी ऐकून हसला आणि म्हणाला, “मराठी आहात का? मग आधी नाही का सांगायचं, दादा.” इथेच मी निम्मा गारद झालो.

त्यानं एनीडेस्क टाकायला सांगितलं, म्हणजे दुसऱ्याला आपला कॉम्प्युटर दुरून चालवू देणारं ॲप. लोक आता मला विचारतात, तेव्हा तरी कळायला नको होतं का? नाही कळलं, कारण आमचा टॅलीवाला रोज त्याच ॲपवरून येतो. मार्चअखेरीला तर दिवसातून तीनदा. नंबर वाचून दाखवायचा, ‘ॲक्सेप्ट’ दाबायचं, माऊस आपोआप फिरायला लागतो. मला ते सरावाचं होतं. ॲप सरळच आहे, प्रश्न दार कुणाला उघडतो याचा आहे. रिझर्व्ह बँकेनं फेब्रुवारी २०१९ मध्येच या ॲपचं नाव घेऊन बँकांना सावध केलं होतं, हे मला बँकेत बसलो तेव्हा समजलं.

पुढची वीस मिनिटं नीट सांगतो, कारण खरी कारागिरी तिथे आहे.

त्यानं आधी ‘इव्हेंट व्ह्यूअर’ नावाची खिडकी उघडली. लाल गोळे, पिवळे त्रिकोण, ओळीखाली ओळ. वर आकडा: ३,४१२. “दादा, एवढे प्रॉब्लेम घेऊन मशीन चाललंय कसं?” मग काळी खिडकी उघडून ‘असॉक’ असं टाइप केलं. भराभर यादी सरकली. तो म्हणाला, “तुमच्या मशीनचा लायसन नंबर आमच्याकडे आहे, मी वाचतो, तुम्ही स्क्रीनवर ताडून बघा.” आणि त्यानं वाचायला सुरुवात केली: आठ आठ आठ, डी सी ए, सहा शून्य... यादीच्या शेवटाकडे तीच ओळ. अक्षर न् अक्षर जुळलं. माझ्या धंद्यात दोन कागदांवरचा आकडा जुळला की टिक करायची. मी मनातल्या मनात टिक केली.

शेवटी ‘ट्री’ असं काहीतरी टाइप केलं. स्क्रीनवर फांद्याच फांद्या धावल्या आणि थांबल्यावर तळाला इंग्रजीत आलं, सिक्युरिटी संपली. त्यामुळेच गेम उघडत नाही, म्हणाला. आयुष्यभराचं लायसन ४,९९९.

त्यानं दाखवलेली जवळजवळ प्रत्येक गोष्ट विंडोजचीच होती. अर्थ तेवढा त्याच्या पदरचा. ते लाल गोळे आज घेतलेल्या नव्या लॅपटॉपवरही दोन दिवसांत जमतात. एखादी सेवा सुरू व्हायला उशीर झाला तरी तिथे नोंद पडते. ८८८डीसीए६० नं सुरू होणारा तो नंबर म्हणजे फाइलवर उजवं क्लिक करून ‘सेंड टू’मधून झिप करतो ना, त्या सोयीचा विंडोजमधला क्रमांक. तुमच्या मशीनवर तोच, माझ्या मशीनवर तोच, जगातल्या सगळ्या विंडोजवर तोच. ‘ट्री’ फक्त फोल्डरांची यादी छापतं. शेवटची ओळ त्यानं स्वतः तिकडून टाइप केली होती.

क्यूआर आला. स्कॅन केल्यावर कंपनीऐवजी एका माणसाचं नाव. विचारलं, तर म्हणे आमच्या अकाउंट्स मॅनेजरचं खातं. पावती? मेलवर येईल. जीएसटी नंबरचा ‘ग’सुद्धा मी काढला नाही. पैसे भरले.

गेम अर्थातच उघडला नाही. ‘सर्व्हरवर अपडेट व्हायला चोवीस तास.’

दुसऱ्या दिवशी त्याचाच फोन. आवाज एकदम पडलेला. “दादा, तुमचं मशीन जुनं पडतंय, काम होणार नाही. तुमचे पैसे ठेवून घेणं मला पटत नाही, रिफंड देतो.” खरंच सांगतो, मला त्याच्याविषयी आदर वाटला. पुन्हा एनीडेस्क. रिफंड कुठे टाकायचा ते बघायला नेट बँकिंग उघडा म्हणाला, मी उघडलं. तेवढ्यात स्क्रीन काळी झाली. “सर्व्हर रिफ्रेश होतोय, हात लावू नका. मोबाइलवर कोड येईल तो सांगा.” मोबाइल चार्जिंगला होता. वर सरकणाऱ्या पट्टीत जेवढं दिसलं तेवढं वाचलं, सहा आकडे. ते सांगितले. दोन मिनिटांनी दुसरा कोड. तोही सांगितला. पहिला नवा लाभार्थी जोडायचा होता, दुसरा पैसे पाठवायचा. मेसेज उघडून पूर्ण वाचला असता तर दोन्ही गोष्टी त्यात शब्दशः लिहिलेल्या होत्या, कुणाला सांगू नका हेही.

४८,५०० वजा झाल्याचा मेसेज आला तेव्हा तो शांतपणे म्हणाला, “आधी वजा दिसतं, मग जमा होतं. लाइन चालू ठेवा.” मी चाळीस मिनिटं लाइन चालू ठेवली. मग ती त्यानंच तोडली. पुन्हा लावला तर बंद.

आणि आता जे लिहितोय ते लिहायलाच जड जातंय. त्यानंतर मी तीन तास कुणालाही काही बोललो नाही. भाजी आणायला गेलो. एटीएमपाशी उभा राहून शिल्लक दोनदा काढून पाहिली. बायकोला सांगितलं ते रात्री, ताटावर बसल्यावर. ती एक शब्द रागाचा बोलली नाही, उठली आणि म्हणाली, “१९३० ला लाव.” त्या दिवसांत कुणालाही फोन लावला की सायबर फसवणुकीची ती ट्यून आधी वाजायची आणि मी दर वेळी चरफडायचो. तिनं ती ऐकलेली होती.

१९३० वर त्यांनी फालतू काही विचारलं नाही. बँक कोणती, रक्कम किती, कधी, व्यवहाराचा क्रमांक काय. हा क्रमांक हाताशी ठेवा, तो शोधण्यातच माझी सात-आठ मिनिटं गेली. तक्रारीचा नंबर मिळतो, मग राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर बाकीचा तपशील आणि स्क्रीनशॉट भरायचे. मधल्या काळात ज्या खात्यात पैसे गेले त्या बँकेला निरोप जातो. पैसे अजून तिथेच असतील तर रोखून धरतात, पुढे सरकले असतील तर पुढच्या बँकेला. माझे तोवर तीन खाती फिरले होते. वाटेत १९,२०० अडकले, तेवढेच न्यायालयाच्या आदेशानं चार महिन्यांनी परत आले. ते चाळीस मिनिटं आणि तीन तास मी अजून मनात मोजतो.

बँकेतल्या बाईंनी रिझर्व्ह बँकेचं ६ जुलै २०१७ चं परिपत्रक समोर ठेवलं. ग्राहकानं स्वतः कोड किंवा पासवर्ड दिला असेल तर बँकेला कळवेपर्यंतचं नुकसान त्याचं, कळवल्यानंतर काही गेलं तर ते बँकेचं. “काका, तुम्ही दोन्ही कोड सांगितलेत,” त्या म्हणाल्या. भांडायला जागाच नव्हती.

दिवाळीत पुण्याहून भाची आली. कॉम्प्युटरच्या दुसऱ्या वर्षाला आहे. पहिलं काम तिनं केलं ते वायफाय बंद. एनीडेस्क काढलं, आमच्या परवानगीशिवाय आत यायचा पासवर्ड त्यानं त्यात लावून ठेवलेला होता, तो दाखवला. सगळे पासवर्ड तिच्या लॅपटॉपवरून बदलायला लावले. म्हणाली, “मामा, हे मशीन मी फॉरमॅट करणार. पण त्याआधी गेम का उघडत नव्हता ते बघू दे.”

आणि तिनं तीच खिडकी उघडली. इव्हेंट व्ह्यूअर. माझ्या पोटात गोळा. पण तिनं आधी मुलाला ‘प्ले’ दाबायला सांगितलं, घड्याळ पाहिलं आणि बाकी सगळं सोडून त्या मिनिटाची एकच लाल नोंद उघडली. क्रमांक १०००, ‘ॲप्लिकेशन एरर’, खाली गेमच्या फाइलचं नाव. “बघ मामा, गेम सुरू होतोय आणि लगेच कोसळतोय. आता कशानं ते शोधायचं.”

स्टीममध्ये गेमच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये जाऊन फायली तपासून घेतल्या, त्या धड होत्या. व्हिज्युअल सी प्लस प्लसची पॅकेजं, म्हणजे गेमना चालायला लागणाऱ्या जोडफायली, मायक्रोसॉफ्टच्याच फायलींतून पुन्हा बसवली. अमुक डीएलएल (अशीच एक जोडफाइल) नाही अशी एरर आली की बहुतेकदा हेच लागतं, आणि लोक नेमकी ती एक फाइल भलत्याच साइटवरून उतरवतात. ग्राफिक्सचा ड्रायव्हरही पाहिला. मग विंडोज सिक्युरिटीतलं ‘कंट्रोल्ड फोल्डर ॲक्सेस’, ते चालू असेल तर कधी कधी गेमला डॉक्युमेंट्समध्ये सेव्ह फाइल लिहू देत नाही. आमचं बंदच होतं.

मग गेमच्या फोल्डरात तिला एक लॉग फाइल सापडली, म्हणजे गेम आपण काय केलं ते जिथे लिहून ठेवतो ती. नोटपॅडमध्ये उघडून ती एका ओळीवर थांबली आणि हसायला लागली. सी ड्राइव्ह, युजर्स, आणि त्यापुढे जिथे माझं नाव हवं तिथे सहा प्रश्नचिन्हं. माझं नाव तीन अक्षरी. जोडाक्षर सुटं करून, त्यातला हलंत आणि काना वेगळे धरून सहा होतात. विंडोजला देवनागरीचं वावडं नाही, पण काही प्रोग्रॅम अजून जुन्या पद्धतीनं फोल्डरचा पत्ता वाचतात, आणि त्या पद्धतीत आपल्या लिपीला कोष्टकच नाही. प्रत्येक चिन्हाच्या जागी ‘?’. असल्या नावाचं फोल्डर असूच शकत नाही, म्हणून गेम सेव्हची जागा शोधायला जायचा आणि तिथेच पडायचा. सेटिंग्जमधून नाव बदलून भागत नाही, फोल्डर जुन्याच नावाचं राहतं. नवं खातं रोमन अक्षरांत उघडायला लागतं. फॉरमॅट करून तिनं तेच केलं. गेम उघडला. खर्च शून्य; तिला भाऊबीजेला मुलानं जरा जास्त घातले इतकंच.

जेवताना तिनं आणखी एक सांगितलं. स्टीमवर घेतलेला गेम चौदा दिवसांच्या आत आणि दोन तासांपेक्षा कमी खेळला असेल तर पैसे परत मागता येतात, दोन-चार क्लिकचं काम. आमचा तर एक मिनिटसुद्धा खेळून झाला नव्हता. बायको माझ्याकडे न बघता आमटी वाढत राहिली.

महिन्याभरानं दुपारी ऑफिसात फोन आला. सायबर सेलमधून बोलतोय म्हणाला. माझी रक्कम त्याला पैशासकट माहीत होती, कुठल्या दिवशी गेली तेही. उरलेले सगळे परत मिळवून देतो, फक्त दहा टक्के प्रोसेसिंग फी आधी भरायची, आणि खातं तपासायला एक छोटं ॲप टाकायचं. समोर टेबलावर कुणाची तरी नंबर नसलेली पावती पडली होती. मी विचारलं, “फीच्या पावतीवर जीएसटी नंबर येईल ना?”

फोन कट झाला. नंबर सरकारच्या संचार साथी पोर्टलवर, संशयास्पद फोन कळवायच्या ‘चक्षू’वर टाकला.