२२ नंबरची निळी जर्सी: कापड झकास, तारा चुकीचा

आधी निकाल सांगतो, बाकीचं मागनं. स्पेननं २०१० च्या विश्वचषक फायनलला घातलेल्या निळ्या जर्सीची रेट्रो कॉपी, पाठीवर ‘नावास’ आणि २२. जर्सीचे ८५०, नाव-नंबरचे २००. पाचपैकी साडेतीन. एक मार्क छपाईचा कापला, अर्धा ताऱ्याचा. दुकान कोल्हापुरातलंच आहे, पण नाव लिहीत नाही. पोरगा कष्टाळू आहे आणि या सगळ्या तक्रारी त्याच्या तोंडावर सांगून झाल्यात.

दुकानात शिरलं की समोरच्या भिंतीवर ब्राझील आणि अर्जेंटिना. कोल्हापुरात दुसरं काय असणार म्हणा. स्पेनचा माल खालच्या खणात, घडी घालून. बाहेर काढला तर पाठीवर आधीच छापलेलं: इनिएस्ता, ६.

‘‘दादा, हाच घ्या की. रेडी हाय, दोन मिनटांत पिशवीत भरतो.’’

‘‘प्लेन दे. मागं नावास पाहिजे. बावीस नंबर.’’

‘‘नावास? त्यो गोलकीपर न्हवं?’’

तो केलर नावास. कोस्टा रिकाचा, रेआल माद्रिदला होता. थोर गोलकीपर, पण आपला माणूस वेगळा. हेसूस नावास, स्पेनच्या सेव्हिया क्लबचा, उजव्या बगलेचा. काउंटरवर उभं राहून मी पोराला मोबाइलवर फायनलचं ११६ वं मिनिट दाखवलं, कारण इनिएस्ताचा तो गोल सगळ्यांनी बघितलेला असतो पण गोल सुरू कुठनं झाला ते कुणी बघत नाही. साठाव्या मिनिटाला पेद्रोच्या जागी आत आलेला नावास आपल्याच अर्ध्यात चेंडू घेतो आणि उजवीकडनं सुटतो. जादा वेळेचा दुसरा अर्धा चाललाय, बाकीच्यांचे पाय जड झालेत, आणि हा नेदरलँड्सची माणसं अंगावर घेत पळतोय. तिथनं चेंडू इनिएस्ताकडं, त्याची टाच, सेस्क फाब्रेगास, पुन्हा नावास, मग डावीकडं टोरेस. टोरेसचा क्रॉस अडतो, चेंडू सेस्कपुढं पडतो, सेस्क इनिएस्ताला देतो आणि पुढचं जगाला पाठ आहे. पोरानं क्लिप दोनदा बघितली आणि म्हणाला, ‘‘पळालाय लई, पर गोल ह्येचा न्हाई ना.’’

नावासची सगळी कारकीर्द याच एका वाक्यावर उभी आहे, म्हणून तर मला हा नंबर पाहिजे होता.

आता मालाबद्दल. कापड डॉट-निट पॉलिस्टर, हातात घेतलं की हलकं लागतं, अंगाला चिकटत नाही. घामानं भिजल्यावर लोंबत नाही, हे महत्त्वाचं, कारण स्वस्तातल्या जर्स्या पहिल्या हाफनंतर गुडघ्यापर्यंत येतात. निळा रंग बरोबर गडद आहे, उन्हात जांभळट मारत नाही. बाह्यांची शिलाई ओव्हरलॉकवर नीट केलेली, धागे सुटलेले नव्हते. लोगो भरतकामाचा आहे, आतल्या बाजूनं मात्र त्याचा कडक कागद तसाच ठेवलाय, तो छातीला टोचतो. आत बनियन घाला किंवा कागद कातरीनं हळू कापून टाका. मापाचं सांगायचं तर कटिंग बारीक आहे. रोजच्या टी-शर्टला एल लागत असेल तर एक्सएल मागा, पोटाबिटाचा विचार करून.

छपाई समोर करून मिळते. व्हिनाइलचा पिवळा रोल, कटर मशीनवर अक्षरं कापून निघतात, मधला नको असलेला भाग पोरगा चिमट्यानं उचकटून काढतो. मग जर्सी हीट प्रेसवर पसरायची, नंबर ठेवायचा, वर कागद, आणि झाकण दाबायचं. इथं त्यानं घाई केली. मागं तीन गिऱ्हाईकं उभी होती. झाकण लवकर उघडलं आणि वरची प्लास्टिकची फिल्म गरम असतानाच ओढली. त्यामुळं दुसऱ्या दोनाची खालची कड तेव्हाच थोडी उचललेली दिसत होती. ‘‘बसंल ती, घरी इस्त्री मारा.’’ काही धुण्यांतच त्या जागी भेगा पडल्या. नाव मात्र पक्कं बसलंय.

आणि तारा. लोगोच्या वर चक्क एक सोनेरी तारा. अरे बाबा, तारा विश्वचषक जिंकल्यावर मिळतो. ती फायनल खेळताना स्पेनकडं विश्वचषक नव्हताच, मग निळ्या जर्सीवर तारा येईल कुठनं? मॅच संपल्यावर सगळ्यांनी लाल जर्स्या चढवल्या आणि चषक उचलला, तारा त्या लालवर होता. होलसेलवाल्यानं दोन्हीचं काल्याचं कालवण केलंय. हा दोष दुकानातल्या पोराचा नाही हे मान्य, पण अर्धा मार्क कुणाचा तरी कापायलाच पाहिजे.

हाच नंबर का, याचं उत्तर थोडं मोठं आहे. मी पेठेच्या टीमला राइट आउट, म्हणजे उजव्या बगलेचा विंगर, खेळायचो. फक्कीला, म्हणजे मैदानाच्या कडेच्या रेषेला, चिकटून पळायचं, बॅकला मागं टाकायचं आणि गोलसमोर क्रॉस मारायचा, एवढंच काम. नंतर जमाना बदलला. उजवीकडं डावखुरा घालायचा, त्यानं आत वळून स्वतःच शूट मारायचा, ही चाल आली. त्याच २०१० च्या फायनलला नेदरलँड्सकडनं आर्येन रॉबेन उजवीकडं होता, सगळ्या जगाला ठाऊक की हा डाव्या पायावर आत येणार, तरी अडवता येत नसे. त्याच मैदानावर नावास जुन्या पद्धतीचा: उजव्या पायाचा उजवा विंगर, बाहेरनं जाणारा, क्रॉस मारणारा. गोल दुसऱ्याच्या नावावर.

त्याचा जन्म २१ नोव्हेंबर १९८५ चा, लोस पालासियोस इ व्हियाफ्रांका या गावचा. सेव्हियाच्या दक्षिणेला जेमतेम चाळीसएक हजार वस्तीचं गाव. गावी आणि फाबियान रुइझ हेही तिथलेच. एका गावानं स्पेनला किती पुरवावं, काही मर्यादा? अठराव्या वर्षी, २००३ च्या नोव्हेंबरात, तो सेव्हियाच्या पहिल्या संघाकडनं लीगमध्ये उतरला. उजवीकडं मागनं दानी आल्व्हेस वर चढायचा, पुढं नावास. २००६ ला आइंडहोव्हनमध्ये मिडल्सब्रोला ४-० हरवून यूएफा कप, पुढच्या वर्षी ग्लासगोत एस्पान्योलला पेनल्टीवर हरवून पुन्हा तोच.

पण ज्या वयात पोरं मोठ्या क्लबच्या नुसत्या फोननं हुरळतात, त्या वयात हा घराबाहेर राहू शकत नव्हता. घर सुटलं की चिंतेचे झटके यायचे. ज्युनियर संघाच्या शिबिरातनं परत आलेला, सेव्हियाच्या हंगामापूर्वीच्या दौऱ्यावरही टिकत नव्हता. त्यामुळं एवढा पळणारा गडी स्पेनच्या सीनियर संघात आला तो थेट नोव्हेंबर २००९ ला, अर्जेंटिनाविरुद्ध. आठ महिन्यांनी तो जोहान्सबर्गला विश्वचषकाची फायनल खेळत होता. त्याचे उपचार, घरच्यांची साथ, संघानं दिलेला वेळ, या सगळ्यावर स्पेनमध्ये बरंच लिहून आलंय. मला त्यातली एवढीच गोष्ट भावते की त्यानं ते लपवलं नाही.

२०१३ ला तो चक्क मँचेस्टर सिटीला गेला. आंदालुसियाच्या उन्हातला माणूस थेट मँचेस्टरच्या पावसात. त्याच वर्षी नोव्हेंबरात टॉटनहॅमविरुद्ध मॅच सुरू झाल्यावर पंधरा सेकंदांच्या आत गोल, ती मॅच सिटीनं ६-० मारली. लीग कप फायनलला संडरलंडविरुद्ध तिसरा गोल त्याचाच, आणि २०१४ ला प्रीमियर लीगही आली. पुढं मात्र टीका सुरू झाली: नुसते क्रॉस मारतो, आत बघत नाही, गोल करत नाही. टीका अगदी खोटी होती असं मी म्हणणार नाही. कधीकधी पेटीत, म्हणजे गोलसमोरच्या चौकटीत, आपलं माणूस एकच असायचं आणि तरी हा क्रॉस टाकायचा. पण पेटीत माणसं पाठवणं हे विंगरचं काम नसतं, हेही कुणीतरी सांगायला पाहिजे होतं. शेवटच्या वर्षी सिटीचा तेव्हाचा कोच ग्वार्दिओलानं त्याला राइट बॅकला, म्हणजे उजवीकडं बचावात, उभं केलं. आणि गंमत बघा, सेव्हियानं २०१४, १५, १६ असे तीन सलग युरोपा लीग (यूएफा कपचंच नवं नाव) जिंकले ते नेमके हा इंग्लंडात असताना.

२०१७ ला सेव्हियाला परत आला आणि इथनं मला तो जास्त आवडायला लागला. मागं राइट बॅकला खेळायचा, पुढं नवी पोरं. नंतर नंबर घेतला १६. तो अंतोनियो पुएर्ताचा नंबर. २००७ च्या ऑगस्टमध्ये गेताफेविरुद्ध खेळताना पुएर्ता मैदानावरच कोसळला आणि तीन दिवसांनी गेला. नावासचा संघातला सोबती. क्लबनं २०१८ ला सराव केंद्रातल्या स्टेडियमला नावासचं नाव दिलं, तेव्हा हा गडी अजून खेळत होता. आपल्याकडं स्टेडियमला नाव लागायला माणूस आधी फोटोत जावा लागतो.

क्रॉसची टिंगल करणाऱ्यांनी पुढचा हिशेब बघावा. २०२० ची युरोपा लीग सेमी, समोर मँचेस्टर युनायटेड: नावासच्या क्रॉसवर लुक दे योंगचा विजयी गोल. फायनल, इंटर मिलान: पुन्हा नावासचा क्रॉस, पुन्हा दे योंग, यावेळी हेडर, शेवटी ३-२. २०२३ ला बुडापेस्टमध्ये रोमाविरुद्ध फायनल: नावासचा क्रॉस, मान्चिनीच्या अंगाला लागून रोमाच्याच जाळ्यात, १-१, आणि पुढं पेनल्टीवर कप. तेव्हा तो ३७ वर्षांचा होता. २०२४ च्या युरो सेमीत, फ्रान्सविरुद्ध, स्पेनचा नेहमीचा राइट बॅक कार्व्हाखाल निलंबित, म्हणून ३८ वर्षांचा नावास राइट बॅकला, आणि समोर एम्बापे. नवव्या मिनिटाला त्याच बाजूनं एम्बापेचा क्रॉस आला आणि फ्रान्स पुढं. मग स्पेनच्या १६ वर्षांच्या यामालचा तो गोल. त्यानंतर उजवीकडनं नावासचा क्रॉस, फ्रान्सच्या सालिबानं डोक्यानं काढला तो आपल्या ओल्मोच्या पुढ्यात, आणि २-१. स्पेनकडनं पाठीवर नंबर तेव्हाही २२.

२०१० चा विश्वचषक आणि २०२४ चा युरो, दोन्ही संघांत असलेला हा एकमेव माणूस. मधला २०१२ चा युरो आणि २०२३ ची नेशन्स लीग वेगळीच. एवढं असून दुकानदार विचारतो, गोलकीपर काय?

शेवटची वर्षं कमरेच्या सांध्याच्या दुखण्यावर काढली. २२ डिसेंबर २०२४ ला रेआल माद्रिदच्या बेर्नाबेऊवर शेवटची मॅच, सेव्हिया ४-२ हरली. सेव्हियाकडनं एकूण ७०५ सामने. निरोपाला जिंकायला पाहिजे होते असं वाटतं, पण बेर्नाबेऊवर असले लाड होत नाहीत.

तर घ्यायची असेल तर असं करा. संध्याकाळी जाऊ नका, दुपारी जावा, गर्दी नसते तेव्हा पोरगा निवांत काम करतो. नंबरची फिल्म गार झाल्यावरच काढायला सांगा, आणि वरनं कागद ठेवून दुसऱ्यांदा प्रेस मारून घ्या, त्याचे तो वेगळे पैसे घेत नाही. धुताना उलटी करून, गार पाण्यात, ब्रश न लावता. तारा तसाच ठेवायचा नसेल तर घरी उसवायला जाऊ नका, भोक पडतं. लोगो प्लेन असलेला पीस गोडाऊनला आहे का तेवढं आधी फोन करून विचारा. मी सेव्हियाच्या पांढऱ्या जर्सीची ऑर्डर देऊन आलोय, १६ नंबर, आणि या खेपेला पोरानं नाव न विचारता लिहून घेतलं.