'जगातली एकमेव प्रत' मी कशी विकत घेतली

तीस वर्षं शाळेत भौतिकशास्त्र शिकवलेल्या माणसाला प्रकाशाच्याच नावाखाली कुणी गंडवू शकेल असं मला वाटत नव्हतं. गंडवलं. ८५ हजार रुपयांना.

गृहस्थ साठीचे, पांढरंशुभ्र धोतर, बोलणं मऊ. एका व्याख्यानानंतर गाठ पडली. त्यांनी मला काही विकायला काढलंच नाही, हे आधी ध्यानात घ्या. त्यांनी मदत मागितली. "सर, आमच्या वाड्यात एक पोथी सापडलीय. शास्त्रीबुवांना संस्कृत कळतं, विज्ञान कळत नाही. अर्थ तुम्हीच लावू शकाल." हरभऱ्याच्या झाडावर चढायला मला एवढं पुरलं.

पोथीचं नाव मुद्दाम सांगत नाही. पुढच्या गिऱ्हाइकासाठी ते बदललेलं असेल. ४२ पानं, भरद्वाज ऋषींनी शिष्याला सांगितलेली 'प्रकाशविद्या': सूर्यकिरणांचे गुप्त भेद, रत्नांतून किरण पाडून रोग बरे करणं, धातू काचेसारखा पारदर्शक करणं. पहिल्याच पानावर 'योजनानां सहस्रं द्वे' हा श्लोक. सूर्य अर्ध्या निमिषात २२०२ योजनं जातो, असं त्यात म्हटलंय. योजन नऊ मैलांचं आणि निमिष १६/७५ सेकंदाचं धरा, असं त्यांनी सहज सुचवलं आणि गणित मात्र मला करू दिलं. उत्तर आलं सेकंदाला १ लाख ८६ हजार मैलांच्या आसपास, म्हणजे थेट प्रकाशाचा वेग. अंगावर काटा आला माझ्या!

योजन आठ किलोमीटरचं धरलं असतं तर सेकंदाला १ लाख ६५ हजार किलोमीटर आले असते, म्हणजे खऱ्या वेगाच्या निम्म्याहून जरा जास्त. हे करून बघायचं मला सुचलं नाही. शिवाय तो श्लोक खराच आहे, सायणाचार्यांच्या चौदाव्या शतकातल्या ऋग्वेदभाष्यात तो येतो. पितळेवर सोन्याचं पाणी चढवतात, तसा तो वर ठेवलेला होता.

मग चक्रं फिरली. कुणी परदेशी ग्राहक म्हणे मागे लागलाय, पोथी देशाबाहेर जाईल. विकायची नाहीच, फक्त 'संशोधननिधी' द्या. बोभाटा करू नका, सरकार जप्त करील. २० हजार यूपीआयने दिले, उरलेले रोख. पावती मागायची मला लाज वाटली.

संशय आला तो 'अतिनील' (अल्ट्राव्हायोलेट) या शब्दाने. हा शब्द मी पाठ्यपुस्तकातून मुलांना शिकवलाय. तो भरद्वाजांच्या श्लोकात काय करतोय? त्या रात्री पुष्पिका, म्हणजे पोथीच्या शेवटी लेखनाचा काळ सांगणारा मजकूर, नीट वाचली. 'शके १६१२, विजयनाम संवत्सरे.' शकात १२ मिळवून ६० ने भागलं की बाकी संवत्सराचा क्रमांक देते. १६२४ ला बाकी ४, म्हणजे प्रमोद. 'विजय' सत्ताविसावा. पंचांग बघणाऱ्या कोणत्याही आजीने हे दोन मिनिटांत सांगितलं असतं.

कसरीची भोकंही होती. पण किडा अक्षर बघून कागद खात नाही. माझ्या पोथीत एकही अक्षर तुटलेलं नव्हतं, सगळी भोकाला वळसा घालून लिहिलेली. चुकांवर कुठे हरताळ (जुने लेखक चूक झाकायला लावत तो पिवळा रंग) फासलेला नव्हता, कारण चूकच नव्हती. शेवटी भावाकडचा नोटा तपासायचा जांभळा दिवा पानावर धरला. पान निळसर पांढरं झगझगलं. कागद पांढरा दिसावा म्हणून अलीकडच्या काळात जी रसायनं घालतात ती अशी चमकतात. चिंध्यांच्या लगद्यापासून केलेला जुना हातकागद असा उजळत नाही. (पण पान मंद दिसलं म्हणून पोथी खरी असंही समजू नका, जुन्या वह्यांची कोरी पानं मिळतात.)

सगळ्यात बोचतं ते वेगळंच. भरद्वाजांच्या नावावर असंच खपवलेलं 'वैमानिक शास्त्र' बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच जणांनी १९७४ मध्ये तपासलं, १९०४ च्या आधीचं ते नाही असा निष्कर्ष काढला. हे मी दरवर्षी वर्गात सांगायचो.

वकिलाने पहिला प्रश्न विचारला, "विकणाऱ्याकडे परवाना होता का?" १९७२ च्या पुरावस्तू कायद्यानुसार ७५ वर्षांहून जुनी, ऐतिहासिक किंवा शास्त्रीय मोलाची हस्तलिखितंही पुरावस्तू ठरतात, आणि त्यांचा व्यापार परवान्याशिवाय करता येत नाही. म्हणजे पोथी खरी असती तर परवान्याशिवाय तिचा व्यापारच बेकायदा, खोटी आहे म्हणून फसवणूक. तोंड बंद ठेवायला सांगतात ते याचसाठी. तुम्हाला कुणी अशी पोथी दाखवली तर पैशाचं बोलण्याआधी पुण्याच्या भांडारकर संस्थेसारख्या ठिकाणी, जिथे हस्तलिखितं रोज हाताळतात, तिथे घेऊन जाऊ म्हणा. माझ्या गृहस्थांना मी हे उशिरा म्हटलं. त्यानंतर त्यांचा फोन लागलेला नाही.

तक्रार नोंदवताना यूपीआयच्या २० हजारांचाच काय तो पुरावा निघाला. तिथेच ठाण्यात आणखी एक निवृत्त गृहस्थ भेटले, बँकेतले. त्यांच्या पिशवीतही 'एकमेव प्रत' होती, नाव दुसरं, श्लोक तेच. आम्ही बाकावर बसून त्यांचं सातवं पान माझ्या सातव्या पानावर ठेवलं आणि खिडकीकडे धरलं. कसरीची भोकं एकावर एक बरोबर बसली.